किसन, मोटार मी बांधली होती

किसन,

तुझा तेलाचा डबा मी घरी आणला आहे. चोरून नाही, गयावहिनींना विचारून. त्या म्हणाल्या, "न्या भाऊजी, इथं कुणाला काय कामाचा." पाच लिटरचा तो रिकामा पांढरा प्लास्टिकचा डबा, टोपण मेण लावून घट्ट केलेलं, कानात सुतळी ओवलेली. तराफ्यावर चढायच्या आधी तू तो कमरेला बांधायचास आणि मी दर वेळी म्हणायचो, "निघाली पाटलाची सवारी." तुला पोहता येत नव्हतं. सतरा वर्षं तू धरणाच्या पाण्यावरून गावाचा माल वाहिलास आणि आपणहून गुडघ्याच्या वर पाण्यात कधी उतरला नाहीस. हे बाहेरच्या कुणाला सांगितलं तर तो आपल्या दोघांनाही वेड्यात काढील.

परवा तुझा दहावा झाला. दुपारचं जेवून ओसरीवर आडवा झालास तो उठला नाहीस, एवढंच मला सांगण्यासारखं आहे. बाकीचं तुझ्या पुतण्यानं फोटोसकट पेपरात दिलं आहे. फोटोत तुला फेटा बांधलाय, तू ओळखू येत नाहीस. मला तुझ्याशी दुसरं बोलायचं आहे. लिहिणं माझ्याकडे आणि बोलणं तुझ्याकडे अशी आपली वाटणी होती. गावाचे अर्ज मी लिहायचो आणि ते घेऊन तहसिलात आवाज चढवायचास तू. म्हणून बोलण्याचं कामही मला लिहूनच करावं लागतंय.

धरणाचं पाणी पहिल्यांदा आपल्यापर्यंत चढलं ते वर्ष आठव. चपला हातात घेऊन आपण जिथून दुधना ओलांडायचो तिथं दोन पुरुष पाणी उभं राहिलं. गाव अलीकडे, अर्ध्या गावाची शेती पलीकडे. सडकेनं जायचं तर वाटूर फाट्यावरून वळसा, टेम्पोतही दीड तास. तुझा पलीकडे मोसंबीचा बाग, माझं दोन एकर कोरडवाहू. तुझं घर पाटील गल्लीत, माझं बुद्धविहाराच्या मागे. शाळेत एका वर्गात होतो खरे, पण तेवढंच. खताची गोणी पलीकडे न्यायची कशी, या एका विवंचनेत आपण दोघं सकाळपासून काठावर उभे होतो आणि शेवटी तू म्हणालास, "उत्तम, नुस्तं बघून पानी आटत न्हाई." तू जालन्याहून निळे बॅरल आणलेस, मी बांबू तोडून आणले. सोळा बॅरल, वर फळ्या, आणि दोन्ही काठांच्या बाभळींना ताणून बांधलेला दोर. तू पुढे उभा राहून दोर ओढायचास, मी मागे बांबू घेऊन तोल बघायचो. आधी आपलंच खत नेलं, मग शेजाऱ्याचं, मग सगळ्या गावाचं.

माल लादावा तो तूच. मी सतरा वर्षं बघितलं तरी तसं मला जमलं नाही. गोणी उचलायच्या आधी तू ती पायानं जरा ढकलून बघायचास, मग बोटानं जागा दाखवायचास. जड मधी, हलकं कडंला. आणि बांधायचं काहीच नाही. नवा माणूस यायचा, घाबरून म्हणायचा, "दादा, दोरी लावा की जराशी." तू त्याला सांगायचास, "माल मोकळा असला की कलल्यावर तो जातो, तराफा राह्यतो. बांधलेला माल तुला संगं घेऊन जातो. तुला जायचंय का?" तुझा दुसरा नियम असा की मधल्या पाण्यात बोलायचं नाही. घरचं, शेताचं, भाऊबंदकीचं जे काय असेल ते काठावर ठेवून यायचं.

काय काय नेलं आपण. खत, सोयाबीन, कापसाची गाठोडी, पत्रे, पिठाच्या गिरणीचं दगडी जातं. एकदा टरबुजं नेताना वारा सुटला आणि निम्मी पाण्यात गेली. हिरव्या पाठी वर काढून ती सगळीकडे पसरली आणि आपण अर्धा दिवस ती गोळा करत हिंडलो. मालक काठावरून शिव्या देऊन राह्यलाय आणि तू त्याला ओरडून सांगतोस, "गेली न्हाईत हो, फिरायला गेलीत!" मी इतका हसलो की बांबू हातातून सुटला आणि तोही टरबुजांबरोबर गोळा करावा लागला.

आता मोटारीचं. सहा वर्षं झाली, आपण त्यावर एक शब्द बोललो नाही.

अण्णांच्या पलीकडच्या विहिरीवर बसवायची ती पाणी उपसायची मोटार. नवी, जड, तिघांनी मिळून फळ्यांवर चढवली. अण्णा म्हणजे गावातलं मोठं प्रस्थ. त्यांच्या शब्दावर माणसं कामाला लागत आणि त्यांच्याच शब्दावर कामावरून जात. माझा थोरला तेव्हा त्यांच्याकडे ट्रॅक्टरवर होता. मोटार चढवून माणसं गेली. तू डबा घरी विसरला होतास म्हणून तो आणायला परत गेलास. मी तराफ्यावर एकटा. त्या मोटारीकडे बघता बघता मला भीती वाटायला लागली. खताची गोणी गेली तर माणूस चार शिव्या देतो आणि विसरतो. अण्णांची मोटार माझ्या हातून पाण्यात गेली तर काय होईल, ते मला माहीत होतं. बैलाचा कासरा पडला होता. मी मोटार बांबूच्या चौकटीला बांधली, तीन गाठी मारल्या, आणि पाणी उडू नये म्हणून घालतो तसं वरून पोतं टाकलं. तू आलास. पोतं बघितलंस आणि "हां, बराबर," म्हणालास. त्या "बराबर"ला मी काहीच बोललो नाही.

मधल्या पाण्यात वारा आला. मोटार सरकली, कासरा होता तेवढी सरकली, आणि कोपरा खाली गेला तो वर येईना. मोकळी असती तर घसरून गेली असती आणि तराफा उसळून सपाट झाला असता. आता सगळा तराफा त्या कोपऱ्यावर उभा राहिला. आपण दोघंही पाण्यात. मला पोहता येतं. तू डब्यावर तरंगत होतास, तोंडात पाणी, आणि तुझा हात त्या पोत्याखाली चाचपत होता. हाताला कासरा लागला तेव्हा तू माझ्याकडे बघितलंस. ते बघणं मी अजून विसरलो नाही. त्यात राग नव्हता, किसन. राग असता तर बरं झालं असतं. तू कमरेचा विळा काढलास आणि कासरा कापलास. मोटार गेली, तराफा धपकन खाली बसला.

काठाला लागलो तेव्हा अण्णा आणि त्यांची माणसं उभी होती. चौकटीला कासऱ्याचा तुकडा लोंबत होता. तुझा नियम सगळ्या गावाला ठाऊक. अण्णांनी तुकड्याकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि विचारलं, "कुणी बांधली व्हती रं ही?"

मी तोंड उघडलं होतं. खरंच उघडलं होतं. तू म्हणालास, "मी."

बस, एवढंच. दुसऱ्या दिवशी तू तुझ्या बागेतली मोटार काढून अण्णांच्या विहिरीवर बसवून दिलीस. अण्णा हसून म्हणाले, "पाटील, आता घरी बसा, वय झालं." पाटलाचं पाटलाशी तेवढ्यावर मिटलं. माझ्या जागी ते तेवढ्यावर मिटलं नसतं, हे तुला कळत होतं आणि मलाही कळत होतं.

त्या उन्हाळ्यात तुझा मोसंबीचा बाग वाळायला लागला. शंभर पावलांवर धरणाचं पाणी आणि उपसायला मोटार नाही. मी सकाळी तांबडं फुटायला पलीकडे जाऊन कावडीनं झाडांना पाणी घालायला लागलो. सगळी वाचणं शक्य नव्हतं, बारा-तेरा झाडं धरली. तू एकदा आलास, कावड बघितलीस, बांधावर बसून तंबाखू मळलीस आणि उठून गेलास. त्यानंतर दर वर्षी पहिला तोडा झाला की त्याच झाडांची पिशवीभर मोसंबी माझ्या घरी यायची. माझी बायको म्हणायची, "किसनभाऊंना आपलीच कशी आठवण येते?" मी सालं काढत बसायचो.

मी बोलायचा प्रयत्न केला नाही असं समजू नकोस. एकदा रिकामा तराफा घेऊन परत येत होतो. मी म्हणालो, "किसन, त्या मोटारीचं..." तू मागे न बघता म्हणालास, "उत्तम, दोर बघ." मधल्या पाण्यात बोलायचं नाही! आणि काठावर तर तू कधी एकटा सापडायचाच नाहीस. तुझ्याभोवती कायम चार माणसं आणि त्यांचे पाच प्रश्न.

लोकांचं काय, ती तुझ्यावर माया करत होती, म्हणून मोटारीवरून नुसती हसायची. पण हसता हसता त्यांनी ठरवून टाकलं. गोण्या किसनकडे द्या, काच-बिच, यंत्र-बिंत्र असलं तर सडकेनं न्या. ज्या माणसानं गिरणीचं जातं पलीकडे नेलं त्याच्याकडे कुणी साधा टीव्ही देईना. टीव्हीचं खोकं घेऊन टेम्पो काठावरून वळून जायचा आणि तू बाभळीला पाठ लावून तो दिसेनासा होईपर्यंत बघायचास. मीही बघायचो.

मग रेखाचं लग्न ठरलं. तुझी एकुलती एक पोर, आणि दिली कुठं तर नेमकी पलीकडच्या गावात. तू महिनाभर आधी तराफ्याच्या फळ्या बदलल्यास, बॅरल घासून काढलेस, दोराला नवा पीळ दिलास. लेकीचं सामान तू स्वतः ओढून नेणार होतास. चार दिवस आधी तिच्या सासरहून निरोप आला की सामान सडकेनं येऊ द्या, उगा जोखीम कशाला. तू "बिलकुल बराबर हे त्यांचं," म्हणालास आणि टेम्पो सांगितलास. टेम्पोत मला बसवलंस, कारण आरसा कुणीतरी मांडीवर धरायला पाहिजे होता. वाटूर फाट्यावरून वळसा घालून दीड तास मी तो आरसा धरून बसलो होतो, किसन. दुसरीकडे बघायला जागा नव्हती. तू मला मुद्दाम बसवलं नसशील, तू तसला नव्हतास. मला मात्र ती शिक्षा वाटली आणि कमी वाटली.

आता तुझ्यावरचा राग सांगतो. तू जिवंत असताना तो सांगता आला असता तर कदाचित विरघळला असता. तू मला वाचवलंस. माझ्या थोरल्याचं काम राहिलं, माझं गावात राहणं सोपं राहिलं. त्याबद्दल मी तुझे पाय धरीन. पण तू मला विचारलंस का? माझं तोंड उघडलेलं तुला दिसत होतं. मी काय बोलणार होतो ते मला अजून माहीत नाही. कदाचित खरं बोललो असतो, कदाचित नसतोही. तू ते मला कळूच दिलं नाहीस. तुझ्या एका "मी"नं तू मोठा झालास आणि मी सहा वर्षं वाचवलेला माणूस होऊन तुझ्या मागे बांबू घेऊन उभा राहिलो. जन्मभर ज्या गोष्टीला मी नाही म्हणत आलो, कुणाच्या तरी मेहेरबानीनं उभं राहायला, तीच गोष्ट तू इतक्या प्रेमानं माझ्या गळ्यात घातलीस की काढून टाकता येईना.

दहाव्याला तुझ्या अंगणात सगळे जमले. जेवणं झाली, आठवणी निघाल्या. टरबुजं निघाली, तहसिलातली भांडणं निघाली, आणि मग कुणीतरी म्हणालं, "पर मोटारीच्या टायमाला काय झालं व्हतं किसनभाऊला काय म्हाईत! दुनियेला सांगायचा बांधू नका, आन् सोताच बांधून बसला." सगळे हसले, मायेनंच हसले. गयावहिनींनीही पदर तोंडाला लावला. अण्णा खुर्चीवर होते, तेही हसले. रेखा पत्रावळी उचलत होती, ती नाही हसली. मी पुन्हा गप्प बसलो. या वेळेस माझ्या आधी "मी" म्हणायला कुणी नव्हतं, तरी गप्प बसलो.

दिवस मावळायला रेखा विहिरीवर भांडी घासत होती. मी तिच्या शेजारी जाऊन बसलो आणि सांगितलं. सगळं, कासऱ्याच्या तीन गाठींसकट. तिनं ऐकून घेतलं. हातातलं पातेलं तसंच धरलेलं. मग म्हणाली, "काका, तुम्ही ह्ये माझ्या लग्नाच्या आधी सांगितलं अस्तं, तर माझं सामान बाबांनी नेलं अस्तं."

"हो," मी म्हणालो.

"लई मन लावून फळ्या बदलल्या व्हत्या त्यांनी."

"हो."

मला वाटलं रडेल, पण तिनं पातेलं विसळून पालथं घातलं. "आन् मला एकटीला सांगून काय करता? मी थोडीच हसले व्हते. हसले त्यांना सांगा."

काल सकाळी काठावर नेहमीचीच माणसं होती. अण्णांच्या खताच्या गोण्या पलीकडे जायच्या होत्या म्हणून तेही आलेले, गुडघे धरून बाभळीखालच्या दगडावर बसलेले. रेखा सासरी परत जायला पिशवी घेऊन उभी होती. तुझ्या जागी पुढे तुझा पुतण्या. मी बांबू खाली ठेवला आणि जरा मोठ्यानंच म्हणालो, "अण्णा, तुमची मोटार किसननं न्हाई बांधली. मी बांधली व्हती. त्याला म्हाईत बी न्हवतं."

अण्णांनी माझ्याकडे बघितलं, सहा वर्षांपूर्वी बघितलं होतं तसंच. त्यांच्या चेहऱ्यावर जुना राग उमटला. "उत्तम," ते म्हणाले, "त्या टायमाला कळालं अस्तं तर..."

आणि थांबले. वाक्य पुरं केलं नाही. पाण्याकडे बघितलं, खाकरले आणि म्हणाले, "लादा गोण्या. ऊन होऊन राह्यलं."

आपल्या भांडणात तू तिथं जिंकलास, किसन. त्या अर्ध्या वाक्यानंतर काय होतं ते काठावरच्या प्रत्येकाला कळलं, मलाही. त्या दिवशी मी बोललो असतो तर काय झालं असतं, याचा हिशेब तू ओल्या कपड्यात उभं राहून एका क्षणात केला होतास, आणि तो चुकला नव्हता. हे मी कबूल करतो. पण राग अजून आहे. दोन्ही एकाच वेळी आहेत, आणि मला आता त्यातलं एक निवडायचं नाही.

पलीकडे उतरल्यावर रेखा म्हणाली, "काका, पंचमीला येईन तवा पान्यानंच येईन." पिशवी खांद्याला लावून चालायला लागली. मागे वळून बघितलं नाही, चालण्यात मात्र तुझी लकब आहे, डावा खांदा जरा खाली. मला रडू आलं ते तिथं. तुझ्या दहाव्याला आलं नव्हतं.

गोष्ट गावात पसरायला एक दिवस पुरला. आज सकाळी पलीकडच्या वस्तीवरची एक बाई आली. जालन्याहून नवी शिलाई मशीन घेतलेली, खोकं डोक्यावर, बरोबर तिची सासू. तिनं तराफा बघितला, पुतण्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. अवघडून विचारलं, "मोटार तुम्हीच बांधली व्हती का हो?"

"हो, मीच."

तिनं सासूकडे बघितलं. "मंग राहू द्या. मी सडकेनं नेते."

"बरं, ताई," मी म्हणालो.

त्या दोघी चढ चढून फाट्याच्या वाटेला लागल्या. ती दर थोड्या वेळानं डोक्यावरच्या खोक्याला हात लावत होती. पुतण्या मला काहीतरी बरं वाटेल असं बोलायला बघत होता, मी त्याला हातानं थांबवलं. लाज वाटली, किसन. कान गरम होईपर्यंत लाज वाटली. सहा वर्षं ती तू वागवलीस, आज ती माझ्याकडे आली.